खेचराने खाल्लेली टोपी

माझ्या नवऱ्याच्या, हार्लनच्या टोपीला भोक पडलं ते खेचराने चावल्यामुळे. मी या डोळ्यांनी पाहिलंय. पण अमेरिकेतल्या नेब्रास्कात, आमच्या गावात कुणालाही विचारा, बाणानेच पडलं म्हणून सांगेल.

अकरा वर्षं त्याने टपालाची घोडागाडी हाकली. वाटेत आदिवासींचा हल्ला एकदाही झाला नाही. उलट गाडी नदीत रुतली तेव्हा जोसेफ नावाच्या, लाकोटा जमातीच्या आदिवासी माणसानेच कमरेएवढ्या पाण्यात उतरून ती बाहेर काढली. पुढे त्याच्या लोकांनी विधी करून हार्लनला जोसेफचा भाऊ केलं. त्यांच्यात हे नातं सख्ख्या भावापेक्षा मोठं.

मग रेल्वे आली, गाडी बंद पडली, आणि पोटासाठी दोघंही तिकीट लावून लुटुपुटूच्या लढाया दाखवणाऱ्या खेळवाल्यांच्या तंबूत गेले. रोज दोनदा जोसेफ आरोळ्या ठोकत गाडीवर तुटून पडायचा, हार्लन बंदुकीचा खोटा बार काढायचा, जोसेफ मरायचा. मग दोघं शेजारी बसून जेवायचे.

सहा वर्षांनी हार्लन परतला तो डोक्यात तंबू घेऊनच. टोपी दाखवून बाणाची गोष्ट सांगायला लागला.

"अरे, त्या खेचराला तरी लाज वाटेल!" मी म्हणायची.

"लोकांना आवडतं गं, ओरा. तुझं काय जातं?"

चार जुलैला, देशाच्या स्वातंत्र्यदिनाच्या उत्सवात त्याला मंचावर बोलावलं. जोसेफ नातीला घेऊन समोरच बसला होता. कुणीतरी ओरडलं, "बाण मारला कुणी?" आणि या दीडशहाण्याने जोसेफकडे बोट दाखवलं! त्याला वाटलं, तंबूतलीच गंमत.

जोसेफ उठला. हार्लनकडे बघत राहिला. मग मातीत पडून मेला, रोज मरायचा तसा. लोकांनी टाळ्या पिटल्या. मीसुद्धा हसले. जळो मेलं ते हसणं! कपडे न झटकताच तो नातीला घेऊन निघून गेला, पुन्हा आमच्या दारी आला नाही.

महिन्याभराने आम्ही दोघं माफी मागायला त्याच्या वस्तीवर गेलो. टोपी घालू नकोस म्हटलं होतं, ऐकेल तर ना! नात अंगणात खेळत होती. टोपी दिसताच ती मुकाट्याने मातीत आडवी झाली, उत्सवात आजोबा पडला होता तशी, डोळे मिटून.

जोसेफ बाहेर आला. "ऊठ, बाळ." त्याने तिला उभं केलं, माती झटकली.

"भावा, चुकलं माझं," हार्लन म्हणाला.

"मला काय सांगतोस? हिला सांग."

हार्लनने टोपी काढली, एक पाऊल पुढे टाकलं. पोर पुन्हा आडवी झाली.