डी ड्राइव्हवरची गाडी

आमच्या घरी दसऱ्याला कम्प्युटरसमोर नारळ फोडला गेला आणि नारळाचं पाणी कम्प्युटरात गेलं. हसू येत असेल तर हसून घ्या. मला तेव्हा आलं नव्हतं. मी त्या दिवशी बाबांना जे बोलले, ते सणासुदीला बोलायचं बोलणं नव्हतं.

बाबा ट्रक ड्रायव्हर. आलापल्लीकडच्या जंगलातून बांबू भरायचा आणि बल्लारपूरला कागदाच्या कारखान्यात आणून टाकायचा, यातच त्यांचं सगळं आयुष्य गेलं. दसऱ्याला गाडी धुवायची, झेंडूची माळ घालायची, हळदकुंकू लावायचं, चाकापुढे नारळ फोडायचा. एवढं चुकलं तर वर्षभर गाडी रस्त्यात दगा देते, अशी त्यांची पक्की समजूत. मग एका उन्हाळ्यात त्यांना लकवा मारला आणि उजवी बाजू गेली. पाय काठीच्या आधाराने हळूहळू परतला, हात काही परतेना. चंद्रपूरला व्यायाम शिकवणाऱ्या बाईंनी बजावून सांगितलं होतं की या हाताची बोटं रोज हलली पाहिजेत, नाहीतर मूठ आखडेल आणि मग ती कुणाच्या बापाला उघडायची नाही. दाबायला एक रबरी चेंडू दिला. बाबांनी घरी येताच तो डाव्या हाताने अंगणात भिरकावला.

"मी का लहान पोट्टा आहो चेंडू खेळाले?"

आई मात्र रोज सकाळी चहाचा कप त्यांच्या उजव्या हातातच द्यायची. कप पडायचा. आई पुसून घ्यायची आणि दुसऱ्या दिवशी पुन्हा उजव्याच हातात द्यायची. मला तिचा राग यायचा. मला तर तेव्हा सगळ्यांचाच राग यायचा.

उपाय काढला दादाने. तो पुण्यात नोकरीला होता. सुट्टीवर आला तेव्हा त्याने घरच्या कम्प्युटरवर एक गेम टाकून दिला, ट्रक चालवायचा. घाट, वळणं, पाऊस, लादलेला माल, सगळं त्यात होतं. आणि गाडी चालायची की-बोर्डच्या उजव्या टोकाला असलेल्या चार बाणांनी. म्हणजे बरोब्बर उजव्या हाताखाली. दादाने बाबांचा हात उचलून त्या बाणांवर ठेवला आणि म्हणाला, "चालवा."

पहिले कित्येक दिवस ट्रक जागचा हलला नाही. बाबा घामाघूम व्हायचे, बोटाकडे डोळे वटारून बघायचे, त्याला ड्रायव्हरी शिव्या द्यायचे. आणि एका दुपारी ट्रक हलला. हातभरच हलला, पण हलला. त्यानंतर बाबांना जेवायला उठवणं मुश्कील झालं. मी त्यांच्या शेजारी बसायची, कारण क्लीनरशिवाय गाडी काढायची नाही हा त्यांचा नियम. कॉलेजातून यायला मला उशीर झाला की रस्त्यापर्यंत आवाज यायचा, "माही क्लीनर कुठी गेली वो?" गेममधल्या एका वळणावर दगडांचा ढीग होता. तिथे ते न चुकता हॉर्न वाजवायचे, कारण त्यांच्या खऱ्या रस्त्यावर तशाच एका वळणावर देवीचं ठाणं होतं. गणपतीपर्यंत अर्धा भरलेला कप त्यांच्या हातात टिकायला लागला.

गाडी चालवता चालवता ते मला क्लीनरचं काम शिकवायचे. जंगलातल्या चढावर भरलेली गाडी थांबली की क्लीनरने उडी मारून खाली उतरायचं आणि मागच्या चाकाखाली लाकडाचा ठोकळा लावायचा. मग तिथेच थांबायचं. ड्रायव्हर 'सोड' म्हणेपर्यंत ठोकळा काढायचा नाही.

"अन् वाघ आला तं?" मी विचारलं.

"तरी बी नाई. वाघ एकाले खाईन. गाडी मांगं आली तं मांगच्या सगळ्याइले खाईन."

तर दसरा. मी आंघोळीला गेले होते तेवढ्या वेळात बाबांनी आईकडून कम्प्युटर पुसून घेतला, मॉनिटरला झेंडूची माळ घातली, सीपीयूच्या डब्याला कुंकू लावलं आणि टेबलाच्या कडेवर डाव्या हाताने नारळ आपटला. पाणी उडालं ते डब्याच्या वरच्या जाळीतून थेट आत. आतून चर्र आवाज आला आणि पडदा काळा झाला. मी ओल्या केसांनी धावत आले आणि तोंडाला येईल ते बोलले. बाबांनी शांतपणे ऐकून घेतलं आणि म्हणाले, "पूजा नाई केली असती तं याच्याहून वाईट झालं असतं."

याच्याहून वाईट काय असतं, ते मला आजही कळलेलं नाही.

बस स्टँडजवळ कम्प्युटर दुरुस्तीचं दुकान चालवणारे एक चाचा होते. त्यांनी डबा उघडला, आत अडकलेली झेंडूची पाकळी चिमट्याने काढून माझ्यासमोर धरली. चार दिवस त्यांनी मशीन वाळवलं, एक-दोन भाग बदलले, विंडोज नव्याने घातलं. "सी ड्राइव्ह कोरा झाला, ताई," ते म्हणाले, "पण डी ड्राइव्ह सलामत आहे. तुमची गाडी डीवर आहे ना? मग आहे ती जागेवर."

जागेवर होती खरी. फोल्डर उघडून मी डोळ्यांनी पाहिली. पण तो गेम सरळ उघडत नसे. आधी एक लॉन्चर उघडायचा, दादाच्या नावाने त्यात शिरायचं, मग त्याच्या यादीतून गेम निवडायचा. लॉन्चर म्हणजे जंगलातल्या नाक्यावरचा गार्ड. गाडी समोर उभी असली तरी त्याने ओळखल्याशिवाय दांडा वर होत नाही. जुना लॉन्चर सी ड्राइव्हबरोबर गेला होता. नवा घातला, तर त्याच्या यादीत आमच्या गेमचं नाव फिकट, राखाडी अक्षरांत, आणि शेजारी बटण: इन्स्टॉल. गेम मशीनमध्ये असल्याचं त्याला ठाऊकच नव्हतं. मी बेधडक बटण दाबलं. त्याने सगळा गेम पहिल्यापासून नेटवरून उतरवायला घेतला. आमच्याकडे ब्रॉडबँड नुकताच आलेला, त्याचा वेग बैलबंडीचा, वर महिन्याला ठरावीकच वापर. लॉन्चरने पडद्यावर जो अंदाज दाखवला तो पाहून मी नेटची वायरच उपटली.

दादाला फोन केला. त्याने तो गेम आधीच्या ऑफिसच्या नेटवर उतरवला होता, ते ऑफिस आता सुटलं होतं. बाबांच्या आजारपणात सगळी रजा संपल्याने दिवाळीलाही तो येणार नव्हता. "डीवर आहे तेवढाच आपल्याकडे आहे," तो म्हणाला. "तो सांभाळ."

इकडे बाबा दिवसभर बंद पडद्यासमोर बसून राहायचे. चेंडू पुन्हा आणला तर त्याच्याकडे बघायचे नाहीत. मी त्यांची बोटं धरून हलवायला गेले की हात ओढून घ्यायचे. आणि एका सकाळी कप पडला. आईने पुसून घेतलं. दुसऱ्या दिवशी पुन्हा पडला. मूठ वळायला लागली होती. रात्री झोपेत ती इतकी घट्ट व्हायची की सकाळी आईला एकेक बोट तेल लावून उकलावं लागायचं. मला भीती वाटत होती, आणि भीती वाटली की मी चिडते. मी आईवर चिडले, चाचांवर चिडले, मुक्या लॉन्चरवर तर रोजच.

दादाने चार ठिकाणी विचारून एक युक्ती सांगितली. गेमचं फोल्डर लॉन्चरच्या स्वतःच्या गेम ठेवायच्या जागी नेऊन ठेवायचं आणि मगच इन्स्टॉल दाबायचं. मग लॉन्चर आधी तिथे काय आहे ते तपासतो, फाइली जुळल्या तर मान्य करतो, उतरवत नाही. मी तसं केलं, बटण दाबलं, आणि त्याने पुन्हा पहिल्यापासून उतरवायला घेतलं. पुन्हा वायर उपटली. रडकुंडीला येऊन बघते तर फोल्डरच्या आत त्याच नावाचं आणखी एक फोल्डर. डब्यात डबा. लॉन्चर बाहेरचा डबा उघडून बघत होता आणि त्याला तो रिकामा दिसत होता. एवढीशी गोष्ट मला आधी दिसली नाही, म्हणून मी स्वतःच्याच कपाळावर हात मारला.

तिसऱ्या खेपेला खेळ करायची सोय नव्हती. डिस्कवर इतकी जागाच उरली नव्हती की एक प्रत बाजूला ठेवावी. दादा म्हणाला, "तपासणी चालू असताना मशीन बंद पडलं तर ते काय करेल सांगता येत नाही. असलेल्या फाइलींवरच नवं लिहायला घेतलं, तर हातात काहीच उरणार नाही. आणि डाउनलोड असा शब्द दिसला की त्या क्षणी पॉज दाब. नेट चालू असल्याशिवाय तो तपासतच नाही, म्हणून हात माऊसवरून काढू नकोस."

रविवारची दुपार निवडली. लोडशेडिंगची पाळी उरकून लाइट आली होती. आई मागच्या अंगणात धुणं वाळत घालत होती. मी टेबलाशी बसले, कान आणि खांदा यांच्यात फोन धरला, दादा पलीकडे. बाबा माझ्या डावीकडे, नेहमीच्या खुर्चीवर, डाव्या हातात काठी. त्यांच्या उजव्या बाजूला, टेबल आणि भिंत यांच्यामधल्या फटीत, खाली, प्लगचा बोर्ड.

"का करून राह्यली?" त्यांनी विचारलं.

"नाक्यावर गाडी लावून राह्यली. आता बोलू नका."

फोल्डर नेऊन ठेवलं. आतला डबा काढून बाहेरच्या जागी. नाव दादाला वाचून दाखवलं, दोनदा. मग बटण दाबलं. पडद्यावर एक पट्टी आली आणि तिच्यावर शब्द आले: असलेल्या फाइली तपासत आहे.

"तपासून राह्यला," मी म्हटलं.

"पॉजवर बाण ठेव," दादा म्हणाला. "श्वास घे."

पट्टी पुढे सरकली. थांबली. पुन्हा सरकली. मी पापणी मिटत नव्हते. अर्धी झाली असेल नसेल, तोच टेबलाखालचा यूपीएस किंचाळायला लागला.

लाइट गेली असं मला वाटलं. पण वर पंखा फिरत होता. म्हणजे लाइट होती. मग लक्षात आलं, यूपीएसचा प्लग. तो बोर्डात सैल बसायचा, आम्ही त्यात कागदाची घडी खुपसून ठेवायचो. मशीन चाचांकडे नेताना ती घडी पडली आणि परत घालायचं कुणालाच सुचलं नाही. यूपीएसची बॅटरी तर नावालाच होती, जेमतेम दोन घोट.

उठावं तर माऊस सोडावा लागणार. पट्टी पुढे चालली होती.

"बाबा, प्लग! तो प्लग दाबा!" मी ओरडले. वळून बघितलंसुद्धा नाही.

खुर्ची करकरली. काठी फरशीवर पडल्याचा आवाज झाला. किंचाळणं थांबलं, पुन्हा सुरू झालं, मग एकदम बंद झालं.

"धरला," बाबा म्हणाले.

"दाबून धरा! हलू नका!"

"धरला ना वो! तू समोर पाह्य."

फोनमधून दादा काय झालं, काय झालं विचारत होता. पट्टी एका ठिकाणी येऊन जी थांबली ती थांबलीच. डाउनलोड म्हणेल, आता म्हणेल, असं वाटून माझं बोट बटणावर ताठ झालं होतं. मी काही देवाधर्माची नाही, पण त्या वळणावरच्या देवीला मनातल्या मनात हॉर्न वाजवला. बाबांचा श्वास मोठ्याने ऐकू येत होता. अंगणातून आईच्या कपडे झटकण्याचा आवाज येत होता, तिला कशाचा पत्ता नव्हता.

पट्टी हलली. टोकाला जाऊन पोचली आणि नाहीशी झाली. यादीतलं राखाडी नाव पांढरं झालं. शेजारच्या बटणावरचं इन्स्टॉल गेलं आणि तिथे दुसरा शब्द आला: प्ले.

"ओळखलं!" मी किंचाळले. "दादा, ओळखलं त्यानं!"

दादा तिकडे ओरडला. मी हसत होते की रडत होते, मला माहीत नाही. कितीतरी दिवसांनी मला कुणाचाच राग येत नव्हता.

"सोडू काय?"

खालून आवाज आला. क्लीनर विचारतो तसा, ड्रायव्हरने सांगायची वाट बघत. मी वळले. बाबा खुर्चीतून अर्धे वाकले होते. डावा हात टेबलाच्या कडेला टेकलेला होता, तोल सावरायला. आणि प्लगवर होता उजवा. पाचही बोटं काळ्या प्लगभोवती आवळलेली होती, नखं पांढरी पडली होती, मनगट थरथरत होतं, पण प्लग बोर्डात रुतून बसलेला होता. त्यांचं स्वतःचं तिकडे लक्षच नव्हतं. ते माझ्याकडे बघत होते.

"बोल ना पोरी. सोडू काय?"

मी माऊस सोडला.

"नाई," मी म्हटलं. "नका सोडू. सोडू नका, बाबा. थांबा तसेच, आईले पाहू द्या." आणि मागच्या दाराकडे तोंड करून मी तिला हाक मारली.