दोन चिठ्ठ्यांचा दगड

मंगळवारी सकाळी साडेनऊला मी प्रयोगशाळेचे कुलूप उघडले. त्याआधी तेवीस वर्षे ते मामांनी उघडले होते. सोमवारी मामा गेले.

मामा म्हणजे जालन्यातल्या आमच्या कॉलेजच्या भूशास्त्र विभागाचे लॅब अटेंडंट. मूळचे तीर्थपुरीकडचे, घरी मेंढरे. शाळा सातवीत सुटली. तुमच्या कॉलेजातही असे एखादे मामा असतील, घंटा वाजवणारे, फळा पुसणारे. आमचे मामा खनिजे ओळखत.

दगड हातात आला की ते आधी डोळे मिटायचे. मग तो तळहातावर दोनदा हलकेच उडवून वजन घ्यायचे, अंगठा फिरवायचे आणि डोळे उघडता उघडता म्हणायचे, “रंगावर जाऊ नका.” मुले हसायची. एकदा एका मुलीने विचारले, “का हो मामा? रंग तर सगळ्यात आधी दिसतो.”

“म्हनूनच. आमच्याकडं शंभर मेंढरं, समदी काळी. रंगावर गेलो असतो तर बापानं मलाच कोंडवाड्यात घातलं असतं.”

“मग कसं ओळखायचं?”

“कुणाचा कान तुटका, कुणाची चाल येगळी. दगडाचं बी तसंच हाये. कशानं ओरखडा पडतो, फुटताना कसा फुटतो, चमक कुठल्या अंगाला हाये. चार गोष्टी बराबर जुळल्या की मंग नाव घ्यायचं.”

त्यांच्या शर्टाच्या खिशात तांब्याचा जुना पैसा, खिळा आणि न्हाणीघराच्या फरशीचा एक तुकडा असे. नखाने ओरखडा पडला तर दगड मऊ. नखाने नाही पण पैशाने पडला तर जरा कठीण. मग खिळा, मग काच. फरशीच्या खरखरीत पाठीवर दगड घासला की त्याच्या भुकटीचा खरा रंग उमटतो. हे सगळे मी पुण्यात एम.एस्सी.ला शिकले होते. पण पुस्तकात शिकले होते आणि तो फरक मला इथे आल्यावर कळला.

जालन्याच्या आसपास विहीर खोदताना काळ्या खडकात पोकळ्या लागतात. बाहेरून ओबडधोबड आणि आतून स्फटिकांनी भरलेल्या. कुठे विहिरीचे काम निघाले असे कळले की मामा रविवारी मोटारसायकल काढायचे. सोमवारी माझ्या टेबलावर जुन्या धोतरात गुंडाळलेले काहीतरी असायचे. कपाटाच्या पेट्या अशाच भरत गेल्या. झिओलाइट नावाच्या खनिजांचा गट त्यांना फार आवडे. परीक्षानळीत तापवले की नळीच्या वरच्या थंड काचेवर पाण्याचे थेंब जमतात. “ही समदी एक भावकी,” ते मुलांना सांगत. “हिच्या अंगात पानी हाये. दगड म्हनून कोरडं समजू नका.”

माझ्या पहिल्याच वर्षी त्यांनी आष्टीजवळच्या एका विहिरीतून एक स्फटिक आणला. पारदर्शक, टोकदार, अर्धा खडकात रुतलेला. दोनच बाजू दिसत होत्या. मी पाहिला आणि लगेच चिठ्ठी लिहिली: क्वार्ट्झ. म्हणजे आपली गारगोटीच, पण स्वच्छ. रजिस्टरमध्ये नोंद केली, पेटीला एकेचाळीस नंबर दिला आणि त्यावर एका वर्गाचा तास घेतला.

तिसऱ्या दिवशी मामांनी चहाचा कप ठेवला. शेजारी खिडकीच्या काचेचा तुकडा आणि तो दगड.

“मॅडम, जरा काचेवर ओढून बघता का?”

मी ओढले. क्वार्ट्झ काच कापतो. काचेवर काहीच उमटले नाही.

“आता ह्याचा माथा बघा. बाजूनं काचंवानी चमकून राह्यलाय, आन् माथ्यावर मोत्यावानी.”

मी पुस्तक उघडले. अ‍ॅपोफिलाइट होता. झिओलाइटच्या भावकीतला नव्हे, पण त्यांच्याच शेजारी सापडणारा. माझे कान तापले. मी रंगावर गेले होते, किंवा रंग नसण्यावर.

मी चिठ्ठी फाडायला घेतली तर मामांनी हात आडवा धरला.

“फाडू नका.”

“चूक आहे ती.”

“म्हनून तर. पोरं बी हितंच चुकनार. पाय कुठं घसरतो ते दिसू द्या की.”

मला राग आला. माझ्या अक्षरातली चूक मुलांनी वर्षानुवर्षे बघायची? आठवडाभर मी त्यांच्याशी कामापुरतेच बोलले. मग काहीशा तिरकसपणेच म्हणाले, “ठीक आहे, माझी चूक राहू दे. पण बरोबर चिठ्ठी तुम्ही लिहायची.”

“मी? माझं अक्षर म्हंजे लेंड्या सांडल्यावानी!”

“दगड तुम्ही ओळखलात.”

त्यांनी चार दिवस घेतले. रद्दी उत्तरपत्रिकांच्या पाठीवर तो एकच शब्द गिरवताना मी त्यांना दोनदा पाहिले. पाचव्या दिवशी चिठ्ठी पेटीत होती: “अ‍ॅपोफिलाइट. काच कापत न्हाई. माथा मोत्यावानी. आष्टी, विहीर.”

विभागप्रमुख चिडले. चिठ्ठी शिक्षकानेच लिहायची असा शिरस्ता होता. मी म्हणाले, “ज्याने ओळखले त्याचे अक्षर.” एरवी मी फार बोलत नाही, म्हणून असेल, त्यांनी ती चिठ्ठी तशीच राहू दिली. मामा दाराआड बीकर पुसत होते. त्या दिवशी ते बीकर त्यांनी बराच वेळ पुसले.

नंतर त्यांनी दुसरी चिठ्ठी कधी लिहिली नाही. “एक बास हाये,” म्हणायचे. पण नवी तुकडी आली की पहिल्या दिवशी तीच पेटी काढायचे. “ही मॅडमची चूक,” असे मोठ्याने सांगायचे आणि माझ्याकडे बघून हसायचे. खालची चिठ्ठी कोणाची हे मात्र सांगायचे नाहीत. ते मी सांगायचे. पहिल्यांदा ओशाळत सांगितले असेल, पुढे त्यात मला आनंद वाटू लागला. दर जूनमध्ये आम्ही दोघे एकमेकांची ओळख करून द्यायचो, ती अशी.

ते गेल्यावर पंधरा दिवसांनी नवे विभागप्रमुख माझ्याकडे आले. तपासणी समिती येणार होती. सगळ्या चिठ्ठ्या छापील हव्यात, एकसारख्या. मी दोन दिवस बसून त्या संगणकावर केल्या. एक सोडून.

“मॅडम, एकेचाळीस राहिली,” ते म्हणाले.

“राहू द्या, सर.”

“अहो, एक चुकीची आहे आणि दुसरी अशुद्ध. ते ‘न्हाई’ तेवढे नीट करून छापू.”

“दगड जसा सापडला तसा ठेवतो ना आपण? ती चिठ्ठीही त्यातच धरा.”

“समितीने विचारले तर?”

“तर वरची चूक माझी आहे, असे मी सांगेन. आणि खालची कोणाची, तेही सांगेन.”

त्यांनी पेटीतून दगड उचलला, दिव्याकडे धरला आणि म्हणाले, “मलाही हा क्वार्ट्झच वाटला असता.”

“काच देऊ का?” मी विचारले. ते हसले आणि पेटी परत कपाटात सरकवली.

समिती येऊन गेली. ते कपाट त्यांनी उघडले नाही. मला थोडे वाईट वाटले. मी सांगायची तयारी केली होती.

तांब्याचा पैसा आणि खिळा मामांच्या घरच्यांनी मला आणून दिला. फरशीचा तुकडा सापडला नाही. नव्या तुकडीसाठी मी दुसरा फोडून घेतला.

कुलूप आता मी उघडते. एकेचाळीस नंबरच्या पेटीत एक दगड आणि दोन चिठ्ठ्या आहेत. वरची माझी, खालची मामांची. खालची बरोबर आहे.