चितेशिवायचा शेवट

बोरीहून परभणीला जाणाऱ्या जीपमध्ये माझ्या बॅगा चढल्या, तेव्हा आम्ही सगळ्यांनी मनसोक्त रडून घेतलं. पण सीट भरल्याशिवाय जीप हलणार कशी? रडून झालं, डोळे पुसून झाले, टपरीवरचा चहाही झाला, तरी आम्ही आपले तिथंच. शेवटी अप्पा कापडाचं दुकान उघडायला निघाले. जाताजाता म्हणाले, "नाटक शिकायला जायलीस तर जा. पण तिकडं तुला कोन बनवतेत ते बगून घे." मी टोरांटोला निघाले होते. अप्पा उगाच काळजी करतात, असं वाटलं.

अप्पांचं खरं ठरलं. गावाकडच्यांनो, मी पडद्यावर दिसले की तुम्हाला कौतुक. पण पहिली कित्येक वर्षं मी एकच बाई करत होते. साडी, मोठी टिकली, सुनेला छळणारी नाहीतर ऊर बडवणारी. ऑडिशनला 'जरा अजून इंडियन करा' म्हणायचे. माझ्यासारख्या बाहेर पडलेल्यांनो, तुम्हालाही हे कुणी ना कुणी ऐकवलं असेलच. मी करायचे. कॅमेऱ्यासमोर उभं राहायची हौस दांडगी होती.

मग पहिल्यांदाच मुख्य भूमिका मिळाली. मराठवाड्यातल्या लिंगायत दुकानदाराची मुलगी, बाप गेल्यावर गावी परतलेली. दिग्दर्शिकेनं ती माझ्याच गप्पांमधून लिहिली होती. स्क्रिप्टच्या शेवटी मात्र नदीकाठ आणि धडधडती चिता! मी म्हटलं, आमच्यात जाळत नाहीत. माणसाला मांडी घालून बसवतात, कपाळाला भस्म, तळहातावर त्याचं गळ्यातलं इष्टलिंग. स्वामी विधी करतात, बेल वाहतात आणि मग माती देतात. ती म्हणाली, प्रेक्षकांना भारत म्हटल्यावर चिताच कळते, दुसरं दाखवलं तर आपलंच चुकलं असं वाटेल. निर्मात्यानं तर दुसरी नटी बघायला घेतली. इतक्या वर्षांनी हाती आलेलं जाणार, हे दिसत होतं. तरी सांगितलं, चितेपुढं मी उभी राहणार नाही.

आठवडाभर कुणाचा फोन नाही. मग दिग्दर्शिकेचाच आला, "खड्डा किती खोल लागतो?"

आता प्रत्येक करारात माझी एक अट असते. ज्यांच्या घरचं दाखवताय त्यांच्यातलं माणूस आधी सेटवर बोलवा, त्याला मानधन द्या. मग ते घर सोमाली असो की पंजाबी. काही जण मला कटकटी म्हणतात. आहेच मी.

त्या सिनेमाचा शेवट पाहून इथं लोकांनी उभं राहून टाळ्या वाजवल्या. आई-अप्पांनी बोरीत मोबाइलवर पाहिला. व्हिडिओ कॉलवर मी कौतुकाची वाट बघत होते. आई मात्र तडकली, "अगं, स्वामींच्या आदी तू कशी काय माती टाकलीस? आन् बेल इतकुसाच? लोक काय म्हनतील!"

मी पोट धरून हसले, मग रडलेही. एवढ्या मोठ्या जगात ही चूक फक्त तिथंच कळणार होती. मुलाखतीत हमखास विचारतात, तुमचं घर नेमकं कुठलं? जिथं माझी चूक पकडतात ते, असं मी आता बेधडक सांगते.