सुरुवात देणारा माणूस

फोन खालापूरला कचेरीत आला तेव्हा मी सातबाऱ्याचे उतारे करून देत होते आणि खिडकीशी ही रांग लागलेली. शिपाई आत आला, कानाशी वाकला आणि म्हणाला, "बाई, कर्जतच्या शाळेतनं फोन हाय... तुमचे वडील गेले." मी हातातला उतारा पुरा केला, सहीला सरकवला आणि मग उठले. खोटं कशाला सांगू, डोळ्यांत पाणी वगैरे काही आलं नव्हतं. कर्जतची एस.टी. धरली. तिथून पुढे पोशीरला, आमच्या गावी पोहोचेपर्यंत डोक्यात एकच घोळत होतं, की आता ताईला कोण सांगणार? आबा गेल्याचं नव्हे. ते तिला कळलं असतंच. आबांनी तिला एक वाक्य सांगायचं बाकी होतं. "चूक तुझी नव्हती", एवढंच. त्याची वाट बघत ती म्हातारी व्हायला आली, आणि हा माणूस न सांगता निघून गेला.

या पुरवणीत आबांवर लिहून आलं ते मी वाचलं. चांगलं लिहिलंय. 'शिस्तप्रिय' हा शब्द इतक्यांदा आलाय की वाचताना माझी पाठ दुखायला लागली. कारण ती शिस्त आमच्या पाठीवरनं गेलेली आहे. निरगुडीची ओली शिमटी त्यांच्या सायकलच्या दांड्याला कायम अडकवलेली असायची. ज्यांनी लिहिलं ते त्यांचे विद्यार्थी. मी मुलगी, म्हणून माझाही एक लेख होऊन जाऊ दे.

आबा कर्जतच्या एका शाळेत खेळाचे शिक्षक होते. शाळेत बोलायचे छापील मराठी. रागावले की मात्र थेट पोशीरचं तोंड सुटायचं, आणि रागावलेले नसत तेव्हा ते झोपलेले असत. आमचे आजोबा गावकीच्या कामाला बांधलेले. साहेबाची स्वारी निघाली की त्यांनी घोड्यापुढे पळत जायचं, पुढच्या गावाला वर्दी द्यायची. छप्पन्न साली घरातले देव आबांनी स्वतः टोपलीत भरून नदीला नेले, परत आले आणि म्हणाले, "माझा बाप घोड्यापुढं पळला. माझी पोरं पळतील ती फितीकडं." ही गोष्ट आम्ही इतक्यांदा ऐकली की तोंडपाठ झाली. पोरं म्हणजे मी आणि माझी थोरली बहीण कुसुम. मी पळण्यात ठोंब होते, त्यामुळे वाचले. ताई वाचली नाही. ताई पळायची. बाई गं, काय पळायची! आमची आई डोक्यावर पाटी घेऊन बांधावर उभी राहायची आणि पाटी खाली ठेवायचं विसरून जायची.

शाळेला मैदान नव्हतं. मागच्या बाजूला एका शेतकऱ्याचं भाताचं शेत होतं. कापणी झाली, भारे खळ्यावर गेले, की तो म्हणायचा, "वापरा गुरुजी, पुढल्या लावणीपर्यंत तुमचंच हाय." मग मुली खुरप्याने पाय रोवायला खड्डे करायच्या आणि ओळीत बसायच्या. आबा मागे उभे. हातात बिजागरी लावलेल्या दोन फळ्या, त्याला क्लॅपर म्हणायचे. "जागेवर... तयार..." आणि फटाक! जी शेवटी उठेल तिच्या पोटरीवर शिमटी. दमली म्हणून नव्हे, हरली म्हणून नव्हे, उशिरा उठली म्हणून. शंभर मीटर सुरुवातीलाच जिंकायचे असतात, असं त्यांचं शास्त्र होतं. शिमटी बसली की आवाज काढायचा नाही, हेही त्याच शास्त्रात.

मार चुकवायला माणूस काय काय शिकतो! आबांची एक खोड होती, आणि त्यांना स्वतःला ती ठाऊक नव्हती. फळ्या आपटायच्या आधी ते जोर घ्यायला टाचा उचलायचे. पायात कॅनव्हासचे बूट, खाली वाळलेली धसकटं. टाचा उचलल्या की धसकटं वाजायची, चर्र... आणि त्याच्या मागोमाग फळ्या. ताईच्या कानाने ते चर्र पकडलं. ठरवून नाही, तिच्या पोटरीनेच ते शिकून घेतलं. फळ्या वाजेपर्यंत ती खड्ड्यातून सुटलेली असायची, आणि ते इतकं बेमालूम की बघणाऱ्याला वाटावं, आवाज आणि पोर एकदमच निघाले. आबा खूश. घरी येऊन आईला सांगायचे, "हिच्या अंगात वीज हाय." आयुष्यात त्यांनी केलेलं तेवढंच कौतुक, आणि तेही पोरीच्या तोंडावर नाही.

तालुक्याला ती पहिली आली, जिल्ह्याला पहिली आली. तेव्हाचा आमचा कुलाबा जिल्हा. मुलींच्या शर्यतींना सुरुवात द्यायला सगळीकडे आबांनाच बोलवायचे, कारण त्यांचा आवाज खणखणीत आणि क्लॅपरही त्यांचा स्वतःचा. बापानेच सुरुवात द्यायची आणि लेकीने जिंकायचं, यावर कुजबुज करणारे होते. पण लबाडी कुणाला सापडेना, कारण लबाडी नव्हतीच. बूट वाजत होता, आणि तो कुणाच्याच ध्यानात येत नव्हता.

मग मुंबईला राज्याची निवड. तिथे पहिली आली असती तर पुण्याला राहून शिकायची सोय होणार होती. पुस्तकं, वसतिगृह, सगळं. ताईला पळण्यापेक्षा त्याचीच ओढ होती. भूगोलाच्या पुस्तकाला तिने नवीन कव्हर घातलं होतं. आबांनी मलाही बरोबर नेलं, का ते देव जाणे. दोरीच्या बाहेर मी आबांचा हात धरून उभी होते. मैदान बघून डोळे फाटले. काळा ट्रॅक, कोळशाची बारीक चुरी दाबून केलेला. मुलींच्या मागे एक जाडजूड साहेब, हातात पिस्तूल. ताईने पिस्तूल तोवर बघितलंही नव्हतं, पण ती घाबरली नव्हती. लोक म्हणतात घाबरली. मी बघत होते. ती शांत होती, तिचा कान त्या भाताच्या शेतात असायचा तसाच होता... तिथेच सगळा घात झाला.

साहेब म्हणाले, "तयार." मुलींच्या कमरा वर गेल्या. आणि साहेबांनी उभ्याउभ्या अंगाचा भार एका पायावरून दुसऱ्या पायावर टाकला. चुरी वाजली. चर्र. ताई सुटली.

ती एकटीच. बाकीच्या जागेवर. पिस्तूल वाजलंच नव्हतं. साहेबांनी तिला परत बोलावलं, बोट दाखवून ताकीद दिली. पुन्हा झालं तर बाद, असा तेव्हा नियम. आबा दोरीवरून ओरडले, "कुसुम! जीव घेईन!" शेकडो माणसांसमोर. आता मला सांगा, शिमटीने शिकवलेलं अंग अशा वेळी काय करील? ती परत बसली. "तयार." पुन्हा साहेबांचा पाय, पुन्हा ते चर्र, आणि पुन्हा ताई सगळ्यांच्या पुढे, एकटी. ती दोन-चार पावलांतच थांबली. तिला थांबायला कुणी सांगितलं नाही. ती तिथेच ट्रॅकवर उभी राहिली, दोन्ही हात पोटाशी धरून. मग एका बाईंनी तिला दंडाला धरून बाजूला केलं आणि बाकीच्या मुली पळाल्या. जी पहिली आली तिला बघून आमच्या जिल्ह्यातली माणसं म्हणाली, ही तर कुसुमपेक्षा बरीच मंद.

परतीच्या गाडीत आबा खिडकीबाहेर बघत होते. ताई हळू आवाजात म्हणाली, "आबा, त्यांचा पाय वाजला. तुमचा वाजतो तसा. मी त्याच्यावर सुटले." खरं तेवढंच, नीट, कुणावर दोष न ठेवता सांगितलं तिने. आबांनी वळून तिच्या कानाखाली वाजवली. "माझ्या पायावर ढकलतीस? माझ्या?" समोरच्या बाकावरच्या बाईने तिच्या पोराला जवळ ओढलं. नेरळला उतरलो तर आबा पुढे, आम्ही मागे. गावाच्या वेशीपाशी ते थांबले आणि आमच्याकडे न बघता म्हणाले, "आपल्याला लोकं एकदाच उभं करतात. तुला त्यांनी दोनदा उभं केलं."

एवढ्यावर भागलं असतं तरी मी हा लेख लिहिला नसता. माणूस निराश होतो, हात उचलतो, नंतर शरमतो. पण आबा पडले शिस्तप्रिय. पुढच्या वर्षी तालुक्याच्या शर्यतींना त्यांनी ताईला नेलं, आणि काय काम दिलं? फीत धरायचं. शेवटाला दोन खांबांऐवजी दोन मुली, आणि त्यांतली एक ही. दुसऱ्या पोरी धावत यायच्या, छातीने फीत तोडायच्या, आणि तुटलेली फीत गोळा करून ताईने पुढच्या शर्यतीसाठी परत गाठ मारायची. लग्न होईपर्यंत दर वर्षी. आई एकदा म्हणाली, "अवो, तिला घरी तरी राहू द्या." आबा म्हणाले, "बघू दे. बघितलं की कळंल." शाळा तर सुटलीच होती. लोधिवलीला दिली तिला, नवरा कारखान्यात, माणूस साधा आणि चांगला. तिच्या घरी गेले की आबा नातवंडांना मांडीवर घ्यायचे आणि हसत सांगायचे, "तुमच्या आयशीला थांबता येत नाय." पोरं खिदळायची. ताई चहा गाळत असायची. एकदा मी न राहवून म्हटलं, "अगं, तोंड उघड की! पाय वाजला होता म्हणून सांग ना त्यांना." ती म्हणाली, "सांगितलं होतं गं मी. आता त्यांनी सांगायचं हाय." तिचं एवढंच म्हणणं होतं, आणि ते तिने कधी सोडलं नाही.

नंतरच्या वर्षांत आबांनी एक चमत्कारिक गोष्ट सुरू केली. मी तेव्हा नोकरीला लागले होते, सुटीला घरी यायचे. सुरुवात देताना ते बूट काढून ठेवायला लागले. कापलेल्या भाताच्या धसकटांवर अनवाणी! ती धसकटं सुरीसारखी असतात, तळवे फाटायचे, रक्त यायचं. आई हळद-तेल लावताना चिडायची, "ह्या वयात हे काय थेर? बूट घाला की." ते म्हणायचे, "मातीला पाय लागलेला बरा." आम्ही हसलो. म्हातारा चळला म्हटलं, आणि विषय सोडून दिला.

आबा गेल्यावर दोन-तीन आठवड्यांनी शाळेने शोकसभा ठेवली. हॉलमध्ये फोटो, फोटोला हार, पुढे मेणबत्त्या. ताई लोधिवलीहून आली होती, माझ्या शेजारी बायकांच्या रांगेत बसली, पदर खांद्यावरून नीट घेऊन. भाषणं झाली. शिस्तप्रिय, शिस्तप्रिय. मग रेखा नावाची त्यांची एक विद्यार्थिनी उठली. ही राज्यातून निवडली गेलेली, देशभर पळून आलेली, त्याच जोरावर सरकारी नोकरी मिळालेली. बोलता बोलता रडायला लागली बिचारी. म्हणाली, "सर अनवाणी उभे राहून आम्हाला सुरुवात द्यायचे. पायातून रक्त यायचं. मी एकदा विचारलं, सर, बूट का घालत नाही? तर म्हणाले, 'बुटाचा आवाज ऐकून पळायला शिकलेली एक पोर व्हती. तुज्यापेक्षा लई पुढं जाणारी. तिची काय चूक नव्हती, मीच घालवली तिला. तुला नाय घालवणार.' असे होते आमचे सर!"

टाळ्या पडल्या. शोकसभेत टाळ्या वाजवत नाहीत, पण लोकांना राहवलं नाही. काही जणांनी डोळे पुसले.

मला आधी कळेना की ऐकलं ते खरंच ऐकलं का. म्हणजे त्यांना माहीत होतं. कितीतरी वर्षं माहीत होतं. लोधिवलीला जाऊन, मांडीवर नातू घेऊन, तिच्याच हातचा चहा पीत 'हिला थांबता येत नाय' म्हणून हसायचे तेव्हाही माहीत होतं! तळव्यांतून रक्त काढलं, पण ते वाक्य जिच्या हक्काचं होतं तिला सोडून परक्या पोरीला दिलं. आबा, तुमच्यासारखा कंजूष माणूस मी बघितला नाही. रेखाचा यात काही दोष नाही. तिला कुठे ठाऊक होतं की ती पोर समोरच्याच रांगेत बसलीय?

मी ताईकडे बघितलं. ती रडत नव्हती. तिने फक्त विचारलं, "बेबी, असं म्हणाले व्हते?" मी म्हटलं, "असं म्हणाली ती." ताईने मान हलवली. बाजारात भाव ऐकून घ्यावा तशी.

अध्यक्षांनी सांगितलं, दोन मिनिटं उभं राहून सरांना आदरांजली वाहू या. खुर्च्या सरकल्या, सगळा हॉल उठला. मीही उठले, सवयच ती, काय करणार. ताई बसून राहिली. पलीकडच्या बाईंना वाटलं, हिला दुःखाने उठवत नाही. त्यांनी हात पुढे केला आणि मायेने म्हणाल्या, "उठा हो कुसुमताई, धरते मी." सगळे माना खाली घालून स्तब्ध झालेले, आणि उभ्या माणसांच्या त्या रानात ती एकटी बसलेली, हारातल्या फोटोकडे सरळ बघत. अख्ख्या हॉलला ऐकू जाईल अशा आवाजात ती म्हणाली, "तुमी ऱ्हावा उभ्या. मी थांबलीय."