राजदूताच्या कोटातली ओटी
अत्यंत गंभीर निवेदन: दोन देशांची मैत्री एकदा पावसला, आमच्या अंगणात, एका ओटीवाचून अडली होती. आज आंब्याची पेटी उघडली, पेंढ्यातल्या हापूसचा वास आला आणि तो दिवस समोर उभा राहिला. एक परदेशी राजदूत बायकोसह आमची बाग बघायला आले होते आणि दुभाषा म्हणून माझं ते पहिलंच काम होतं. पाहुणे निघताना काकू सुपात तांदूळ, नारळ, खण आणि दोन हापूस घेऊन आली. बघते तर बाईंच्या अंगात शर्ट-पँट, पदरच नाही! "सवाष्ण माझ्या दारातून रिकामी जायची नाही हो," काकू म्हणाली, पण ओटी घालायची कशात? सोबत आलेले सरकारी अधिकारी घड्याळ बघू लागले. गावासमोर काकूची शोभा होणार, आणि मला तर पदर म्हणजे काय हेच सांगता येईना. शेवटी मी माझ्याच सदऱ्याचं टोक पसरून दाखवलं. बाई हसल्या, त्यांनी नवऱ्याचा कोट उतरवून घेतला आणि काकूपुढे दोन्ही हातांनी पसरला. काकूने ओंजळीने ओटी भरली. त्या बाईंचे उपकार मी अजून मानतो. नंतर कितीदा तरी बैठकीत शब्द अडला की मला तो कोट आठवतो. आणि आठवते काकू, त्या गंभीर सोहळ्यात मोठ्याने म्हणालेली, "अगो बाई, ही तर साहेबाचीच ओटी भरली!"