जबल हफीतच्या थडग्याचं दार

मी बी.एस्सी. फिजिक्स. आमच्या घराण्यात कॉलेजची पायरी चढलेला पहिलाच. त्यामुळे भूतखेत, करणी, ग्रहणाचे वेध... असल्या गोष्टींना मी घरात कधी थारा दिला नाही. हे लिहितोय तेही कोणाला पटवायला नाही. कारण सुचलं तर हवंय, इतकंच.

१९९९ चा ऑगस्ट. मी अल ऐनला रस्त्याच्या कामावर, मटेरियल लॅबमध्ये होतो. क्वार्टर जबल हफीत डोंगराच्या पूर्वेला. बायको सुनीता सहाव्या महिन्यात. याआधी दोनदा दिवस राहून हातातून निसटलं होतं, म्हणून ती फार जपून होती. आईने गावाहून फोनवर बजावलं होतं, ग्रहणात सूनबाईला दारं-खिडक्या लावून आत बसव. मी हसलो, पण सुनीतासाठी हो म्हणालो.

पंचांगात ग्रहण संध्याकाळचं. म्हणून दुपारीच चेकअप उरकून आम्ही परत निघालो... आणि वाटेतच ऊन फिकं पडायला लागलं. पंचांग इंडियन टाइमचं! दीड तास वजा करायला फिजिक्सवाला विसरला होता. घाईत शॉर्टकट म्हणून गाडी कच्च्या रस्त्याला घातली, ती वाळूत रुतली.

आडोसा एकच – तिथली जुनी थडगी. पाच हजार वर्षांपूर्वीची, पालथ्या टोपलीसारखे रचलेले दगड. उत्खननाला आलेला एक गोरा लॅबमध्ये सांगून गेला होता, की ती माणसं सूर्य कुठे उगवतो ते बघून दार ठेवायची. मेलेल्याचंही तोंड उगवतीला. म्हणजे दुपारच्या सूर्याकडे पाठ.

"मी आत बसते," सुनीता म्हणाली.

"अगं, थडगं आहे ते."

"असू दे. भिंती आहेत ना त्याला?"

दार कमरेएवढं. चपला बाहेर काढून ती वाकून आत गेली. मी चाकाखालची वाळू उपसायला लागलो. बघता बघता डोंगर तांब्यासारखा झाला, वारा पडला. मी हाक मारली. ओ नाही. धावत गेलो –

दार नव्हतं.

दगडाला दगड भिडलेला, सलग गोल. हाताने चाचपत फेऱ्या मारल्या. दगड थंडगार... अल ऐनला, ऑगस्टमध्ये! ओढून पाहिलं, हलेना. ओरडून घसा बसला. शेवटी भिंतीला कपाळ टेकून नुसता उभा राहिलो. दुसरं काही करता येईना.

मग कपाळाखालचा दगड पुन्हा तापल्यासारखा लागला. पलीकडून सुनीताचा आवाज आला. गेलो तर दार जागच्या जागी, उगवतीला, आणि ती साडी झटकत उभी. कित्येक महिन्यांनी हसत होती.

"ग्रहण मानत नाही म्हणे! सगळा वेळ दारात पाठ करून उभे होतात. उजेडाची तिरीप आत येऊ दिली नाहीत. मी हाक मारली तर नुसता हात मागे केलात, थांब म्हणून."

मी वाकून तिच्या चपला पुढ्यात सरकवल्या.

ऊन लागलं असेल, घाबरलो असेन, सगळं मान्य. चुकीच्या थडग्याशी गेलो म्हणावं, तर तिच्या चपला मी फेऱ्या मारत होतो त्याच थडग्याच्या पायाशी होत्या. प्रत्येक फेरीत त्या ओलांडत होतो.

मुलगी आता सहा वर्षांची आहे, अबुधाबीला शाळेत जाते. सुनीता तिला ही गोष्ट कौतुकाने सांगते. परवा मुलीने विचारलं, "बाबा, वेअर यू स्केअर्ड?"

मी मान हलवून नाही म्हटलं. काय सांगणार? दारात कोण उभं होतं ते मला माहीत नाही. मी मागे होतो, भिंतीला कपाळ टेकून.