मालकाच्या तोंडाला चिखल

ठमाबाईबद्दल कोणी फार गोड बोलायला लागलं की मी ओळखतो, या माणसाने तिच्यासोबत कधी धानाचा रोवणा केलेला नाही. बाई तोंडाने फाटकी. राग नाकाच्या शेंड्यावर. कामाला अशी की शेजारणीची कंबर मोडली तरी मान वर करणार नाही. मूल तालुक्यातल्या आमच्या गावात, आमच्या बौद्धांच्या वस्तीत बायकांची एक टोळी आहे. पाऊस जमला की ही टोळी गावोगावच्या बांध्यांत धान रोवायला जाते. मी पत्रू, माझ्या मालवाहू ऑटोतून त्यांना सकाळी नेतो आणि उन्हं कलली की परत आणतो. त्यांची सगळी भांडणं माझ्या पाठीमागे, जाळीच्या पलीकडे होतात. मला कुणी काही विचारत नाही, पण ऐकू सगळं येतं.

ठमाबाई काठावरची. चिखलात ओळीने उभं राहिल्यावर काठावरची बाई ज्या वेगाने मागे सरकते, त्याच वेगाने अख्खी ओळ सरकते. म्हणून काठ सोम्यागोम्याला मिळत नाही. आधी तो ठमाबाईच्या सासूचा होता, ती थकल्यावर हिने घेतला. ऑटोतही मागची कोपऱ्यातली जागा काठावालीचीच. दुसरं कोणी तिथे बसत नाही.

नवरा लवकर गेला. पोरगा कुलदीप धुऱ्यावर, म्हणजे शेताच्या बांधावर, पळसाला बांधलेल्या लुगड्याच्या झोळीत वाढला. ठमाबाईची जिवाभावाची मैत्रीण सुगंधाबाई तेव्हा स्वतः लेकुरवाळी होती. कुलदीप रडला आणि ठमाबाईला ओळ सोडता येत नसली की सुगंधाबाई त्याला अंगावर घ्यायची. असा तो टोळीच्या दुधावर आणि टोळीच्या शिव्यांवर मोठा झाला. शिकला, चंद्रपूरला गेला, कोळशाच्या खाणीला माणसं पुरवायचा ठेका घेऊ लागला. गेल्या उन्हाळ्यात त्याने तळ्याखालची जमीन घेतली. पाटलांची जमीन ती. आमच्या आज्यांनी तिथे वाकून आयुष्य काढलं, पण धुऱ्यावर बसून पाणी प्यायची त्यांची छाती झाली नाही. त्या दिवशी वस्तीत पेढे वाटले, विहारासमोर डीजे लावला. मीही नाचलो, आणि मनापासून नाचलो.

पण मालक झाल्याबरोबर पोराला टोळी तोंडाळ वाटू लागली. म्हणाला, रोवण्याला बाहेरच्या बायका आणतो, त्या बऱ्या, मुकाट काम करतात. ठमाबाईने त्याला दारात उभं करून असं झोडपलं की गल्लीतली कुत्रीही गप्प झाली. शेवटी तो आपल्या टोळीवर राजी झाला, पण आईने चिखलात उतरायचं नाही, कुणाच्याच बांधीत उतरायचं नाही, ही अट घातली. मालकाची आई मजुरी करते हे चारचौघांत बरं दिसत नाही म्हणे. त्याच्या जमिनीवर रोवणा लागला त्या सकाळी ठमाबाई डबा घेऊन नेहमीसारखी ऑटोपाशी आली.

तिच्या जागेवर सुगंधाबाई बसली होती.

ठमाबाई म्हणाली, उठ. सुगंधाबाईने पदर सारखा केला आणि थंडपणे विचारलं, "पोराची गाडी आहे ना तुले? मंग काऊन आमच्या ऑटोत हाडं मोडून राह्यली, मालकीनबाई?"

बाकीच्या तोंडावर पदर घेऊन हसल्या. आता झिंज्या धरतात की काय म्हणून मी आरशात बघत होतो. ठमाबाई गुमान मधे जाऊन बसली. आमच्या लोकांचं हे मला पटत नाही. आपल्यातला कोणी वर चढला की डीजे लावायचा, आणि त्याच्या आईला ऑटोत जागा द्यायची नाही. कुलदीपचा राग कुलदीपवर काढायला यांची जीभ टाळूला चिकटत होती, म्हणून तो म्हातारीवर काढला. पण ऑटोवाल्याला काय पटतं हे कोण विचारतो?

बांधीतही काठ सुगंधाबाईनेच धरला. कुलदीपची जमीन संपेपर्यंत ती मुद्दाम ओळ पळवत राहिली, ठमाबाई मागे पडावी आणि ओळीत तिची जागा उघडी पडून दिसावी म्हणून. ठमाबाई मागे पडली नाही. पण रोज परत येताना तिच्या तोंडातून शब्द निघत नसे, आणि शिवी न देणारी ठमाबाई मी आधी कधी पाहिली नव्हती.

आमच्याकडे शेवटची पेंढी रोवली की बायका मालकाला धरतात, त्याच्या तोंडाला चिखल फासतात आणि बोजारा मागतात. बोजारा म्हणजे टोळीला जेवण. ऐपत असेल तसा कोंबडा, नाहीतर बकरा. मालकाला चिखल लागला नाही तर रोवणा सरला असं कोणी म्हणत नाही. पाटील एवढा माजोरी, वस्तीच्या माणसाची सावली टाळणारा, पण त्या एका दिवशी तोही बनियनवर धुऱ्यावर यायचा आणि मुकाट तोंड पुढे करायचा.

शेवटच्या दिवशी कुलदीप आला. पांढरा शर्ट, पांढरी गाडी, सोबत चंद्रपूरचे दोन ठेकेदार मित्र. बायकांनी ओंजळी भरल्या आणि रस्त्याकडे निघाल्या. त्याने ते पाहिलं, हसल्यासारखं केलं आणि गाडीत बसून दार लावून घेतलं. आतूनच ओरडला की आई आहे ना तिथे, तिलाच लावा, मालकीण तीच आहे.

बायका थांबल्या. बोटांच्या फटींतून चिखल गळत होता. मग सुगंधाबाई वळली आणि तिने दोन्ही हात ठमाबाईच्या तोंडावरून, केसांवरून फिरवले.

"मालकीनबाई, बोजारा."

कोणी हसलं नाही. जिने जन्मभर दुसऱ्यांच्या तोंडाला चिखल लावला ती बाई गुडघाभर चिखलात उभी होती आणि तोंडाला तोच चिखल होता. मला वाटलं, आता ही रडते. रडली असती तर बरं झालं असतं, मला ते बघवलं तरी असतं. ती खाली वाकली, ओंजळ भरली आणि धुरा चढून गाडीपाशी गेली. कोपराने काचेवर ठोकलं.

कुलदीपने काच उतरवली. आई आत बसायला आली असं त्याला वाटलं असावं. म्हणाला, "मांगं बस. पन आंग पुसून घे पहिले, सीट खराब होते."

तिने हात आत घातला आणि त्याच्या कपाळापासून हनुवटीपर्यंत चिखल ओढला. दुसरा हात शर्टावर पुसला. मित्र दाराला चिकटून बसले.

"आई, लोकं पाहून राह्यले," तो दबक्या आवाजात म्हणाला.

"पाहू दे. पाटील बनियनवर येत होता." मग तिने टोळीच्या बाकी बायकांसारखाच हात पुढे केला. "बोजारा द्या, मालक."

पोटच्या पोराला ती अहोजाहो करत होती. त्याने काही दिलं नाही. काच वर गेली आणि गाडी गेली.

ऑटोपाशी आलो तेव्हा सुगंधाबाई कोपऱ्यातून सरकली. जागेवरचा चिखल तिने स्वतःच्या पदराने पुसला आणि म्हणाली, "बस, ठमे."

ठमाबाई चढली, पण बसली नाही. म्हणाली, "चिखल मले लावला ना तू? मंग मी टोळीची नाई. उभी येईन." आणि दांडी धरून ती गावापर्यंत उभी आली. तोंडावरचा चिखल वाळून तडकला तरी तिने तो पुसला नाही. खड्डे मी जपून घेतले, आमच्या रस्त्यावर जपता येतात तेवढे.

घरी जाऊन तिने आपला कोंबडा कापला, रांधला आणि टोळीच्या घरोघरी पोचवला. सुगंधाबाईच्या दारात वाटी ठेवताना म्हणाली, पोराचा बोजारा फिटला, आता मी कोणाची मालकीण नाही.

दुसऱ्या दिवशी दुसऱ्या गावची बांधी होती. मी ऑटो काढला तेव्हा ठमाबाई कोपऱ्यात बसलेली होती. सुगंधाबाई आली, तिने बघितलं आणि निमूट मधे जाऊन बसली. बांधीत ठमाबाईने काठ धरला आणि असा वेग लावला की दुपारपर्यंत सुगंधाबाईच्या डोळ्यांतून पाणी वाहू लागलं. जरा दमानं घे ठमे, असं ती म्हणत होती.

ठमाबाईने मान वर केली नाही.